घरातली कोथिंबीर: धणे रगडण्यापासून दुसऱ्या कापणीपर्यंत

घरात कोथिंबीर लावणाऱ्या बहुतेकांची तक्रार सारखीच असते. उगवली छान, बोटभर वाढली आणि मग पिवळी पडून आडवी झाली. किंवा एकदा कापली आणि पुन्हा फुटलीच नाही. यातली निम्मी निराशा अपेक्षेतूनच येते. तुळस, कढीपत्ता, गवती चहा एकदा लावले की वर्षानुवर्षं पानं देत राहतात, आणि त्यांच्या शेजारी ठेवलेल्या कोथिंबिरीकडूनही आपण तेच धरून चालतो. पण कोथिंबिरीचं आयुष्य दोन महिन्यांचं. पेरल्यापासून ३५-४० दिवसांत पहिली कापणी, पुढे १५-१८ दिवसांनी दुसरी, आणि त्यानंतर ती तुऱ्यावर, म्हणजे फुलोऱ्यावर येते. त्यामुळे घरात कायम कोथिंबीर हवी असेल तर एक मोठी कुंडी भरून उपयोग नाही. लहान लहान चार ट्रे घ्यावेत आणि दर १५ दिवसांनी एक पेरावा. चौथा पेरून १५ दिवस झाले की पहिला रिकामा होतो आणि चक्र पुन्हा सुरू होतं. पुढचं सगळं या हिशोबानं वाचा.

धणे

आपण ज्याला एक धणा म्हणतो ते खरं तर फळ आहे आणि त्यात दोन बिया असतात. धणा हातात घेऊन नीट पाहा. त्यावर उभ्या रेषा दिसतात आणि मधोमध एक बारीक सांधा. त्या सांध्यावर तो दोन भागांत उकलतो. दोन्ही भाग बाहेरून फुगीर आणि आतून खोलगट, छोट्या होडीसारखे. अख्खा धणा पेरला तर टरफलातून पाणी आत शिरायला वेळ लागतो, उगवण मागेपुढे होते, आणि उगवलीच तर दोन रोपं एकमेकांच्या अंगावर येतात. म्हणूनच शेतकरी पेरणीआधी धणे रगडून घेतात.

घरी हे काम पोळपाट-लाटण्यानं होतं. धणे पोळपाटावर एकेरी थरात पसरून वर सुती फडकं टाका आणि लाटणं हलक्या हातानं, जेमतेम वजन देऊन फिरवा. कट्कट् आवाज आला की थांबायचं. पावडर पडायला लागली म्हणजे जोर जास्त झाला आणि आतलं बी चिरडलं. मिक्सर किंवा खलबत्ता अजिबात नको. सगळे धणे उकलले नाहीत तरी चालतं, तीन-चतुर्थांश उकलले की पुरे.

स्वयंपाकघरातले धणे चालतात का? बऱ्याचदा चालतात, पण ते किती जुने आहेत हे कळायला मार्ग नसतो आणि धण्याची उगवणशक्ती वर्षागणिक घटत जाते. सगळा ट्रे पणाला लावण्यापेक्षा आधी परीक्षा घ्या. २० धणे रगडून ओल्या फडक्यात गुंडाळा, डब्यात झाकून ठेवा आणि रोज फडकं दमट आहे ना ते बघा. दहा दिवसांत १५-२० कोंब दिसले तर माल चांगला. दहाच्या आत आले तर ते धणे फोडणीला वापरा आणि पेरायला नवे आणा. एका धण्यात दोन बिया असल्यानं २० धण्यांतून ४० पर्यंत कोंब येऊ शकतात, हे लक्षात ठेवून मोजा. भाजलेले धणे अर्थातच उगवत नाहीत. परदेशात राहणाऱ्यांनी ही परीक्षा न चुकता घ्यावी, कारण तिकडे मसाल्याचे धणे काही वेळा वाफेनं किंवा विकिरणानं जंतुमुक्त केलेले असतात आणि त्यात बीच मेलेलं असतं.

बियाण्याच्या दुकानातलं पाकीट घेतलंत आणि धणे गुलाबी किंवा निळसर रंगाचे निघाले, तर त्यांना बुरशीनाशक चोळलेलं आहे. ते पेरायला उत्तम, पण खायचे नाहीत, आणि रगडताना स्वयंपाकाचं पोळपाट वापरायचं नाही. जुन्या फळीवर रगडा, हात साबणानं धुवा. पानांसाठी लावताना 'जास्त कापण्या' देणारा किंवा उशिरा फुलोरा येणारा वाण मागावा.

रगडलेले धणे साध्या पाण्यात ८ ते १२ तास भिजवा, मध्ये एकदा पाणी बदला. रात्री भिजवून सकाळी पेरणं सोयीचं. त्याहून जास्त वेळ पाण्यात राहिले तर हवा न मिळाल्यानं बी कुजायला लागतं. नंतर पाणी निथळून फडक्यावर अर्धा तास पसरा, म्हणजे हाताला चिकटत नाहीत आणि पेरताना सारखे पडतात.

ट्रे आणि माती

कोथिंबिरीचं मूळ सोटमूळ. ते सरळ खाली जातं, आणि खाली जागा संपली की रोपाला वाटतं आपलं आयुष्य संपत आलं, लवकर बी धरावं. उथळ थाळीतली कोथिंबीर चार इंचांवर तुरा काढते ती यामुळे. खोली किमान सहा इंच हवी, आठ असेल तर उत्तम. एक फूट लांब, एक फूट रुंद, सहा इंच खोल ट्रे घेतला तर त्यात साधारण १३ लिटर माती मावते. तळाला पेन्सिल जाईल एवढी आठ-दहा भोकं पाडा. मूळ सरळ असल्यामुळेच ही रोपं उपटून दुसरीकडे लावायची नसतात. जिथे पेरली तिथेच वाढवायची.

तेवढ्या ट्रेसाठी पाच लिटर भिजवलेलं कोकोपीट, चार लिटर पोयट्याची किंवा लाल माती आणि चार लिटर चाळलेलं गांडूळखत. शिवाय एक मूठ निंबोळी पेंड. काळी माती घ्यावीच लागली तर दोनच लिटर घ्या आणि उरलेल्या जागी जाड वाळू घाला, कारण काळी माती कुंडीत घट्ट बसते आणि पाणी धरून ठेवते. घरात ऊन-वारा कमी असल्यानं ते पाणी उडतही नाही. मिश्रण मुठीत दाबलं की लाडू व्हावा आणि बोटानं टोचल्यावर फुटावा, एवढाच ओलावा पेरणीच्या वेळी असू द्या.

कोकोपीटची वीट बहुतेकदा ६५० ग्रॅमची असते आणि चार लिटर पाण्यात फुगून आठ-नऊ लिटर होते. भिजवल्यावर ते एकदा पिळून पाणी टाका, पुन्हा भिजवा, पुन्हा पिळा. नारळाच्या काथ्यात क्षार असतात. ते न धुता वापरलं तर पानांची टोकं करपतात आणि मग आपण खत कमी पडलं समजून आणखी खत घालतो. शेणखत वापरायचं तर पूर्ण कुजलेलं, वास नसलेलं, हातात भुसभुशीत लागणारं. कच्चं शेणखत घरात आणलं की आठवड्यात चिलटं होतात.

पेरणी

एक फूट चौरस ट्रेला दीड चहाचा चमचा धणे पुरतात, म्हणजे साधारण अडीच ग्रॅम. हात इथेच सैल सुटतो. मूठभर धणे टाकले तर सुरुवातीला हिरवागार गालिचा दिसतो, पण तिसऱ्या आठवड्यात रोपांची उजेडासाठी चढाओढ सुरू होते, देठ लांबडे होतात आणि मधली रोपं बुडाशी कुजतात. दोन रोपांत दोन-अडीच सेंटिमीटर अंतर राहिलं पाहिजे. दाट उगवलीच तर दहाव्या-बाराव्या दिवशी कात्रीनं काही रोपं मातीलगत कापून टाका. उपटू नका, शेजारच्यांची मुळं हलतात. कापलेली कोवळी रोपं कोशिंबिरीत घाला.

धणे पसरून वर एक सेंटिमीटर मातीचा थर द्या आणि तळहातानं हलकं दाबा. पाणी झारीनं किंवा फवाऱ्यानं. तांब्यानं ओतलं तर धणे एका कोपऱ्यात वाहून जातात. उगवेपर्यंत ट्रेवर वर्तमानपत्राचा एक कागद ओला करून झाकला तर वरची माती सुकत नाही. पहिला कोंब दिसला की त्याच दिवशी कागद काढा, एक दिवसही उशीर नको. अंधारात एका रात्रीत कोंब पांढरा आणि लांब होतो.

रगडून भिजवलेले धणे १८ ते २५ अंश तापमानात सात ते दहा दिवसांत उगवतात, थंडीत बारा-पंधरा दिवसही लागतात. ३० अंशांच्या वर उगवण फार कमी होते. आधी दोन लांबट, जिभेसारखी पानं येतात. ती कोथिंबिरीसारखी दिसत नाहीत म्हणून तण समजून उपटू नका. कातरलेल्या कडांचं पहिलं खरं पान त्यांच्यामधून आठवड्याभरानं निघतं. काही रोपांच्या टोकाला टरफल टोपीसारखं अडकून राहतं. त्यावर थोडं पाणी फवारा, मऊ होऊन आपोआप गळेल. नखानं ओढलं तर पानंही तुटून येतात.

उजेड

घरातली कोथिंबीर फसण्याचं सगळ्यात मोठं कारण उजेड आहे, आणि तो आपल्याला दिसत नाही. खोली आपल्या डोळ्यांना लख्ख वाटते, कारण डोळा जुळवून घेतो. रोपाला तसं जमत नाही. खिडकीपासून तीन-चार फूट आत गेलं की उजेड एकदम उतरतो. डासांची जाळी त्यातला बराच उजेड खाते, धुळीनं भरलेली जाळी तर आणखीनच. म्हणून ट्रे खिडकीच्या कट्ट्यावर, काचेला लागून, आणि शक्य असेल तर दिवसा जाळी सरकवून.

एक सोपी परीक्षा आहे. दुपारी बाराच्या सुमारास ट्रेवर एक फूट उंचीवर हात धरा. सावलीची कड स्पष्ट उमटली तर जागा चांगली. सावली पुसट असेल तर वाढ होईल पण सावकाश. सावलीच पडली नाही तर तिथे दिव्याशिवाय कोथिंबीर होणार नाही, मग खत कितीही घाला.

रोज चार-पाच तास थेट ऊन मिळालं तर ते पुरतं. हिवाळ्यात सूर्य दक्षिणेकडे कललेला असतो, तेव्हा दक्षिणेच्या खिडकीत ऊन खोलवर येतं आणि आपल्याकडे कोथिंबिरीसाठी तोच उत्तम काळ. पूर्वेची खिडकी वर्षभर चांगली, कारण सकाळचं ऊन मऊ असतं. पश्चिमेची खिडकी मार्च ते मेमध्ये पानं भाजते, तिथे दुपारी पातळ पांढरा पडदा लावा. उत्तरेच्या खिडकीत महाराष्ट्रात फक्त मे ते जुलैच्या सुमारास थोडं ऊन येतं, आणि नेमकं तेव्हा एकतर उकाडा असतो किंवा ढग. उत्तरेच्या घरात दिवा लावावाच लागतो. रोपं काचेकडे झुकतात, त्यामुळे ट्रे रोज अर्धा फिरवा.

दिव्यासाठी महागड्या जांभळ्या 'ग्रो लाइट'ची गरज नाही. चार फुटी, २० वॅटची साधी पांढरी एलईडी पट्टी चालते. चार फुटांखाली एकेक फुटाचे चार ट्रे ओळीनं बसतात, म्हणजे आपलं सगळं चक्र एका फळीवर. खिडकीचा थोडा उजेड मिळत असेल तर दोन पट्ट्या लावा, अजिबात नसेल तर निदान तीन. एकच पट्टी लावली तर रोपं जगतात, पण पानं पातळ आणि वास कमी. पट्ट्या रोपांच्या टोकापासून सहा ते आठ इंचांवर ठेवा आणि रोपं वाढतील तशा वर सरकवा. छताचा दिवा आठ फुटांवरून काही कामाचा नाही.

वेळ १२ तास. लवकर वाढावी म्हणून १६ तास दिवा लावण्याचा मोह आवरा. दिवस मोठा झाला की कोथिंबिरीला फुलोऱ्याचा इशारा मिळतो. दोन पट्ट्या १२ तास लावल्या तर महिन्याला साधारण १४-१५ युनिट वीज लागते. वेळेचा सॉकेट लावा, विसरणं हा इथला खरा शत्रू आहे. इंग्लंडसारख्या ठिकाणी जूनमध्ये दिवसच १६ तासांचा असतो, तेव्हा तिथल्या मराठी घरांनी उन्हाळ्यात खिडकीपेक्षा आतल्या फळीवर दिव्याखाली लावलेलं बरं. 'सँटो' किंवा 'कॅलिप्सो' असे उशिरा फुलणारे वाण तिकडे मिळतात, पाकिटावर नाव 'सिलँट्रो' असलं तरी बी तेच.

पाणी

शेतकऱ्यांचा 'वाफसा' हा शब्द कुंडीलाही लागू आहे: माती ओली आहे पण चिखल नाही, हाताला गार लागते पण बोटाला चिकटत नाही. बोट पहिल्या पेरापर्यंत घाला. तिथे कोरडं लागलं तरच पाणी. एक फुटाच्या भरल्या ट्रेला हिवाळ्यात दिवसाआड साधारण अर्धा लिटर लागतं, रोपं लहान असताना याच्या निम्मं, आणि पावसाळ्यात कधी कधी चार दिवस काहीच नाही. ठरावीक वारी पाणी घालू नका. ट्रे थोडा उचलून पाहायची सवय लावली तर आठवड्याभरात वजनावरूनच कळायला लागतं.

पाणी सकाळी द्या आणि मातीवर द्या. रात्री पानं ओली राहिली की बुरशी येते. खालच्या ताटलीत साचलेलं पाणी अर्ध्या तासात ओता. मुळांसाठी तर हे आवश्यक आहेच, पण डेंग्यूचा डास अशाच स्वच्छ साचलेल्या पाण्यात अंडी घालतो. आणि एकदा माती पूर्ण सुकून रोपं माना टाकून बसली, तर पाण्यानं ती उभी राहतील, पण आठवड्याभरात तुरा काढतील. कोथिंबीर तहान विसरत नाही.

खत आणि कापणी

पहिले तीन आठवडे गांडूळखत पुरतं. त्यानंतर दर १०-१२ दिवसांनी एक मूठ गांडूळखत लिटरभर पाण्यात रात्रभर भिजवून, गाळून ते पाणी द्या. रासायनिक चालत असेल तर १९:१९:१९ (नत्र, स्फुरद, पालाश सारख्या प्रमाणात असलेलं, पाण्यात विरघळणारं खत) लिटरला एक ग्रॅम, त्याहून जास्त नको. जीवामृत, आंबट ताक, पेंडीचं पाणी गच्चीवर ठीक. बंद खोलीत त्याचा वास दोन दिवस राहतो आणि चिलटं येतात.

रोपं सहा-सात इंच झाली की सकाळी धारदार कात्रीनं कापा, मातीपासून दीड इंच सोडून. कोथिंबिरीचा वाढीचा कोंब पानांच्या झुपक्याच्या मधोमध, अगदी मातीजवळ असतो. तो राहिला तरच दुसरी कापणी मिळते. बाजारातल्या जुडीला मुळं असतात, कारण शेतात ती उपटूनच काढतात. घरात तसं केलं की ट्रे एकाच खेपेत संपला. रोज थोडीशीच लागत असेल तर बाहेरची मोठी पानं देठासकट खुडा आणि मधली कोवळी राहू द्या. घरातल्या एक फूट ट्रेमधून एका कापणीला ७० ते १०० ग्रॅम मिळाली तर पीक चांगलं समजा. बाजाराच्या भरगच्च जुडीशी तुलना करू नका. कापल्यानंतर दोन दिवस थांबून खताचं पाणी द्या. देठ फेकू नका, वाटणाला खरी चव त्यांचीच.

बिघडतं कुठे

दोन इंचांची रोपं बुडाशी काळी, दोऱ्यासारखी बारीक होऊन एका रात्रीत आडवी पडली तर ती मर. मातीतली बुरशी, जास्त पाणी, दाट पेरणी आणि कोंडलेली हवा एकत्र आली की होते. आडवी पडलेली रोपं वाचत नाहीत. ती आजूबाजूच्या मातीसकट काढा, पाणी थांबवा आणि छोटा पंखा हळू वेगावर दिवसातून तीन-चार तास लावा. पुढच्या पेरणीच्या वेळी मातीत ट्रायकोडर्मा, म्हणजे रोगाच्या बुरशीला रोखणारी उपयोगी बुरशी, मिसळा, किलोभर गांडूळखताला पाच ग्रॅम. बी रंगीत, बुरशीनाशक चोळलेलं असेल तर बियाला ट्रायकोडर्मा लावून फायदा नाही, तीही एक बुरशीच आहे.

रोपं उगवताच लांबडी होऊन लोळत असतील पण बूड पांढरं, निरोगी असेल, तर ती मर नाही. उजेड कमी पडतोय. दिवा खाली आणा आणि रोपांच्या बुडाशी अर्धा इंच माती ओढून आधार द्या.

पिवळेपणाची दोन कारणं सारखीच दिसतात आणि उपाय उलटे आहेत. माती ओली असून सगळं रोप निस्तेज झालं असेल तर मुळं गुदमरली आहेत, पाणी तोडा. माती वाफशावर आहे आणि फक्त खालची जुनी पानं पिवळी पडत आहेत, तेही कापणीनंतर, तर नत्र कमी पडलंय, खत द्या. आधी बोट घालून पाहा, मग ठरवा.

पानांवर पिठासारखी पांढरी भुरी आली तर ती पानं काढून टाका, हवा खेळती करा आणि पाणी पानांवर पडू देऊ नका. मावा पानांच्या मागच्या बाजूला, कोवळ्या देठांवर चिकटलेला असतो. आधी नुसत्या पाण्याच्या फवाऱ्यानं धुवून काढा. नाहीच गेला तर लिटरभर कोमट पाण्यात पाच मिलि निंबोळी तेल आणि अर्धा चमचा भांड्यांचा पातळ साबण, संध्याकाळी फवारा. दिव्याखाली किंवा उन्हात फवारलं तर पानं भाजतात. नंतर आठवडाभर कापू नका आणि वापरताना नीट धुवा. मातीवर घिरट्या घालणारी चिलटं दिसली तर वरचा अर्धा इंच सुकू द्या, त्यावर कोरड्या वाळूचा पातळ थर पसरा आणि पिवळा चिकट कागद टोचून ठेवा.

तुरा येण्याची चाहूल पानांवरून लागते. नवी पानं रुंद न येता शेपूसारखी बारीक येतात आणि मधून एक ताठ दांडा वर निघतो. तो छाटला तर चार-पाच दिवस मिळतात, जास्त नाही. तेव्हा ट्रे कापून रिकामा करावा. एखाद्या कोपऱ्यातली चार-पाच रोपं राखली तर पांढरी नाजूक फुलं येतात, ती रोज हलक्या हातानं हलवली की हिरवे धणेही धरतात. ओल्या धण्यांच्या चटणीचा वास सुक्या धण्यांना कधीच येत नाही.

पाण्यावरची टोपली

तबकावर भोकांची टोपली, त्यात धणे, खाली पाणी: ही पद्धत चालते, पण साध्या पाण्यावर ती फक्त बोटभर कोवळी कोथिंबीर देते, कारण धण्यातला साठा तिसऱ्या आठवड्यात संपतो. पुढे वाढवायची तर मातीविना शेतीचं दोन बाटल्यांचं द्रावण पाकिटावरच्या निम्म्या मात्रेत घाला. उगवेपर्यंत पाणी टोपलीच्या तळाला टेकलेलं असावं, मुळं खाली उतरली की पातळी इंचभर उतरवा, म्हणजे वरच्या मुळांना हवा मिळते. भांडं अपारदर्शक हवं, नाहीतर शेवाळ धरतं. पाणी दर दोन दिवसांनी बदला, डासांसाठीही.

पुढचा ट्रे

रिकाम्या ट्रेमध्ये लगेच पुन्हा धणे पेरू नका. माती उलटून जुनी मुळं काढा, दोन-तीन दिवस कडक उन्हात पातळ पसरून सुकवा आणि चौथा हिस्सा नवं गांडूळखत मिसळा. तेवढ्यानंही मर पुन्हा दिसली तर मध्ये एक खेप मेथीची घ्या. एप्रिल-मेमध्ये विदर्भ-मराठवाड्यात खोलीच ३५ अंशांच्या वर जाते. तेव्हा ओलावा टिकवायची धडपड करण्यापेक्षा ट्रे रिकामे ठेवून माती उन्हात तापू द्यावी आणि पहिले धणे पाऊस स्थिरावल्यावर, दिव्याखाली पेरावेत.